चष्मा घालवण्याआधी

लग्न ठरले, की चष्मा घालवण्याची घाई होते. लेझरसाठी शिरपूरहून धुळे, नाशिक किंवा इंदूर गाठण्याआधी थोडी तयारी मात्र हवी.

वय किमान १८ हवे आणि नंबर वर्षभर स्थिर हवा. तपासणीआधी मऊ कॉन्टॅक्ट लेन्स एक-दोन आठवडे, तर कडक लेन्स तीन-चार आठवडे बंद ठेवाव्यात. लेन्समुळे कॉर्नियाचा आकार तात्पुरता बदलतो आणि मोजमाप चुकते. गरोदरपण, स्तनपान, मधुमेह, मुरुमांच्या गोळ्या यांची माहिती डॉक्टरांना द्यावी.

कॉर्निया म्हणजे डोळ्याचा पुढचा पारदर्शक पडदा. त्याची जाडी साधारण ५४० मायक्रॉन, म्हणजे अर्ध्या मिलिमीटरहून किंचित जास्त. लेझर त्यातलाच थर कमी करते. पडदा पातळ असेल किंवा शंकूसारखा पुढे येत असेल, तर शस्त्रक्रियेनंतर तो आणखी कमकुवत होऊन नजर कायमची बिघडू शकते. कापसाच्या धुळीने खाज सुटून डोळे सतत चोळत असाल, तर तेही सांगा. चोळण्याचा या विकाराशी संबंध आहे.

तपासणीत बाहुली मोठी करतात. त्यामुळे परतताना मोटारसायकल चालवू नका, सोबत कुणाला तरी न्या. शस्त्रक्रियेच्या दिवशी काजळ, अत्तर टाळा.

डॉक्टर ‘नको’ म्हणाले तर नाराज होऊ नका. चष्मा राहील, पण नजरही राहील.