लोककलावंतांना शासनाचे साहाय्य

तमाशा फडाचे अर्थकारण मुख्यतः चैत्र-वैशाखातील जत्रांवर उभे असते. फडमालक कलावंतांना आगाऊ उचल देतो, तीही बहुधा कर्ज काढून. नारायणगावच्या राहुट्यांत गावोगावचे पंच येऊन सुपारी देतात, तेव्हा कुठे ते कर्ज फिटू लागते. २०२० साली नेमक्या गुढीपाडव्याला, २५ मार्च रोजी, देशभर टाळेबंदी लागू झाली आणि तो हंगाम बुडाला. नोव्हेंबर २०२१ मध्ये राज्य शासनाने सुमारे ५६ हजार कलावंतांना प्रत्येकी ५ हजार रुपये एकरकमी साहाय्य देण्याचा निर्णय घेतला. बुडालेल्या हंगामाच्या मानाने ही रक्कम अल्पच होय. तथापि ती मिळण्यासाठीही कलावंत म्हणून ओळख पटावी लागते, आणि ढोलकीवाल्याचे हजेरीपत्रक कोणी ठेवीत नाही. त्याने किती वर्षे साथ केली हे गावातील जाणत्यांना ठाऊक असते. ग्रामपंचायतीच्या दप्तरी मात्र ते क्वचितच उतरते.