ब्रेक ऑइलपासून काचेच्या क्लीनरपर्यंत : ग्लायकॉल इथर म्हणजे काय, आणि धोका नेमका कुठे?

नारायणगड (जि. बीड) : बीड तालुक्यातल्या नारायणगडाला 'धाकटी पंढरी' म्हणतात. आषाढीला इथं दर्शनाच्या रांगा लागतात आणि गडाखाली दुचाकी, जीप, पिकअप यांची दाटी होते. यातल्या डिस्क ब्रेकच्या कोणत्याही दुचाकीच्या हँडलपाशी वाकून पाहिलं, तर एक छोटी डबी दिसेल. तिच्या झाकणावर बारीक इंग्रजी अक्षरांत लिहिलेलं असतं : डॉट ३ किंवा डॉट ४ द्रव, तोही सीलबंद डब्यातलाच वापरा.

गॅरेजमध्ये याला ब्रेक ऑइल म्हणतात. प्रत्यक्षात ते तेल नाही. त्यातला मोठा भाग असतो ग्लायकॉल इथर नावाच्या रसायनांचा. हीच रसायनं काच पुसायच्या फवाऱ्यात, भिंतीच्या रंगात, थिनरमध्ये, छपाईच्या शाईत आणि फरशीवरचे डाग काढणाऱ्या द्रवातही असतात. म्हणजे नाव कधी ऐकलं नसलं, तरी वस्तू बहुतेक घरांत आहे.

पाण्याशीही सोयरीक, तेलाशीही

पाणी आणि तेल एकत्र होत नाहीत, हे स्वयंपाकघरात सगळ्यांनी पाहिलेलं आहे. ग्लायकॉल इथरच्या रेणूचं एक टोक पाण्यासारखं वागतं आणि दुसरं तेलासारखं. त्यामुळे ते दोघांतही मिसळतं. काचेवर बोटांचा तेलकट ठसा असतो. पाणी त्याला हात लावत नाही. पण पाण्यात थोडं ग्लायकॉल इथर असेल, तर ते तेलाला धरून पाण्यात ओढतं आणि फडक्याच्या एका फटकाऱ्यात ठसा निघतो.

दुसरा गुण म्हणजे सावकाश उडून जाणं. पाणी १०० अंश सेल्सिअसला उकळतं, तर या कुटुंबातलं सर्वाधिक वापरलं जाणारं २-ब्युटॉक्सीएथेनॉल साधारण १७१ अंशांना. रंगात ते मिसळलं की रंग लगेच सुकत नाही; ब्रशच्या रेघा एकमेकींत मिसळायला वेळ मिळतो आणि भिंत सपाट दिसते. रंगकाम करणारे 'फिनिश चांगला आला' म्हणतात, त्यात या द्रवाचाही वाटा असतो.

बाजारात हे रसायन 'ब्युटिल सेलोसॉल्व्ह' या नावानं ओळखलं जातं. 'सेलोसॉल्व्ह' हा मुळात अमेरिकेतल्या युनियन कार्बाइड कंपनीचा ब्रँड. सेल्युलोजपासून बनलेले लॅकर विरघळवणारा द्रव, म्हणून हे नाव. डालडाचं झालं तसंच याचंही झालं, ब्रँडचं नाव वस्तूलाच चिकटलं.

तयार करण्याची पद्धत थोडक्यात अशी : इथिलीन ऑक्साइड नावाच्या वायूची अल्कोहोलशी अभिक्रिया करायची. मिथाइल अल्कोहोल घेतलं तर एक इथर मिळतं, ब्युटिल घेतलं तर दुसरं. हा वायू बहुतेक ठिकाणी खनिज तेलापासून बनतो. पण उत्तराखंडमधल्या काशीपूरला इंडिया ग्लायकॉल्स या कंपनीनं तो इथेनॉलपासून बनवण्याचा मार्ग धरला, आणि इथेनॉल उसाच्या मळीपासून मिळतं. ऊसतोड मजुरांच्या बीड जिल्ह्यात हे वाचताना थोडं थबकायला होतं : फडातल्या उसापासून ब्रेकच्या डबीपर्यंत रसायनशास्त्राच्या मोजून चार-पाच पायऱ्या आहेत.

घाटात ब्रेक का 'बसतो'?

पाण्याशी असलेली हीच सोयरीक ब्रेकमध्ये अंगाशी येते. ग्लायकॉल इथर हवेतला ओलावा शोषून घेतं. डबीचं झाकण घट्ट असलं तरी रबरी नळ्यांमधून, सीलमधून वर्षानुवर्षं थोडा थोडा ओलावा आत जातच राहतो.

नव्या डॉट ३ द्रवाचा उत्कलनबिंदू किमान २०५ अंश असावा लागतो, डॉट ४ चा किमान २३०. त्यात साधारण ३.७ टक्के पाणी शिरलं, की हीच किमान मर्यादा अनुक्रमे १४० आणि १५५ अंशांवर येते. शंभरातले चार भागसुद्धा पाणी नाही, आणि फरक ६५ ते ७५ अंशांचा.

आता धारूरचा किंवा मांजरसुंब्याचा घाट उतरणारी भरलेली जीप डोळ्यांसमोर आणा. चालकाचा पाय सतत ब्रेकवर आहे. डिस्क आणि पॅड तापतात, उष्णता द्रवापर्यंत पोहोचते, जुना ओलसर द्रव उकळतो आणि त्यात वाफेचे बुडबुडे होतात. द्रव दाबला जात नाही, म्हणून पायाचा जोर चाकापर्यंत पोहोचतो. वाफ मात्र दाबली जाते. चालक पेडल दाबतो तेव्हा फक्त बुडबुडे आकसतात, पेडल तळाला जातं आणि गाडी थांबत नाही. थोडं थंड झालं की ब्रेक पुन्हा नीट लागतात, त्यामुळे नंतर गॅरेजमध्ये दोष सापडतही नाही.

एसटी आणि मोठ्या ट्रकचे ब्रेक हवेच्या दाबावर चालतात, तिथं हा प्रश्न येत नाही. तो आहे कार, जीप, पिकअप आणि डिस्क ब्रेकच्या दुचाकींचा. ब्रेकचा द्रव साधारण दर दोन वर्षांनी बदलावा, असं बहुतेक वाहन कंपन्या सांगतात. गावाकडं इंजिन ऑइल वेळेवर बदलणारे पुष्कळ आहेत. ब्रेकचा द्रव कधी बदलला, हे मात्र फार थोड्यांना आठवतं. अर्धा वापरून ठेवलेला डबा पुढच्या वर्षी ओतणं म्हणजे ओलावा विकत घेण्यासारखंच. आणि घाट उतरताना खालच्या गिअरमध्ये उतरावं, हा जुन्या चालकांचा सल्ला रसायनशास्त्राच्या कसोटीवरही खरा ठरतो.

कातडीला न कळता आत

आता शरीराचं. पाणी आणि तेल दोन्हींत मिसळणारा रेणू त्वचेतूनही सहज पार होतो. आम्ल सांडलं तर चटका बसतो, माणूस हात धुतो. ग्लायकॉल इथर हातावर पडलं तर बहुतेक वेळा काहीच जाणवत नाही. वास सौम्य, किंचित गोडसर. म्हणून नाकाला रुमाल बांधून उघड्या हातानं फडकं बुचकळणाऱ्या कामगाराला निम्मंच संरक्षण मिळतं.

आत गेल्यावर यकृतातलं एक विकर, म्हणजे अल्कोहोल डिहायड्रोजिनेज, त्याचं आम्लात रूपांतर करायला सुरुवात करतं. दारू पचवण्याचं कामही हेच विकर करतं. खरा त्रास मूळ द्रवापेक्षा या आम्लांचा. ब्युटिल प्रकारातून तयार होणारं आम्ल तांबड्या रक्तपेशी फोडतं. उंदरांमध्ये हा परिणाम तीव्र दिसतो, माणसाच्या पेशी त्या मानानं बऱ्याच टिकाव धरतात. मिथाइल आणि इथाइल प्रकार, म्हणजे २-मिथॉक्सीएथेनॉल आणि २-इथॉक्सीएथेनॉल, जास्त वाईट. त्यांची आम्लं शुक्राणू तयार होण्याच्या प्रक्रियेवर आणि गर्भाच्या वाढीवर आघात करतात.

याची किंमत कामगारांनी मोजली. १९८०च्या दशकात अमेरिकेत संगणकाच्या चिप बनवणाऱ्या कारखान्यांत काम करणाऱ्या महिलांमध्ये गर्भपाताचं प्रमाण जास्त आढळलं. १९९०च्या दशकाच्या सुरुवातीला झालेल्या मोठ्या अभ्यासांत बोट या ग्लायकॉल इथरकडं गेलं आणि उद्योगानं ती हळूहळू काढून टाकली. १९८८ मध्ये जहाजबांधणीच्या यार्डातल्या रंगाऱ्यांवरचा अभ्यास प्रसिद्ध झाला, त्यांच्यात शुक्राणूंची संख्या घटल्याचं दिसलं. युरोपीय संघात हे दोन्ही प्रकार प्रजननाला घातक म्हणून वर्गीकृत आहेत. अमेरिकेतल्या 'नायॉश' या संस्थेनं २-मिथॉक्सीएथेनॉलसाठी हवेतली मर्यादा सुचवली आहे दहा लाख भागांत ०.१ भाग. ब्युटिल प्रकारासाठी तीच संस्था ५ भाग सांगते. एकाच कुटुंबातल्या दोन भावंडांत पन्नास पटींचा फरक.

म्हणूनच 'ग्लायकॉल इथर' एवढं नाव वाचून घाबरण्यात अर्थ नाही. प्रॉपिलीन ऑक्साइडपासून बनणारी इथरं सामान्यतः बरीच सौम्य मानली जातात आणि अनेक रंग कंपन्या तिकडं वळल्या. क्रीम-शाम्पूत टिकाऊपणासाठी वापरलं जाणारं फिनॉक्सीएथेनॉल हेही ग्लायकॉल इथरच. युरोपात त्याची कमाल मर्यादा १ टक्का आहे.

बीडमधून वाळूज, चाकणच्या औद्योगिक वसाहतींत कामाला जाणाऱ्या तरुणांच्या दृष्टीनं प्रश्न सरळ आहे : समोरच्या ड्रममध्ये यातलं कोणतं आहे? उत्तर ड्रमसोबत येणाऱ्या सुरक्षा माहितीपत्रात असतं. इंग्रजी नावं गोंधळात टाकतात, कारण एकाच द्रवाला चार-चार नावं आहेत. त्यापेक्षा 'कॅस' क्रमांक पाहावा. १०९-८६-४ म्हणजे मिथाइल प्रकार, ११०-८०-५ म्हणजे इथाइल. हे दोन दिसले तर सुपरवायझरला पर्यायाबद्दल विचारायलाच हवं, आणि गरोदर महिलेनं त्या कामापासून दूर राहावं. १११-७६-२ म्हणजे ब्युटिल. इथं ब्युटिल रबरचे किंवा निदान जाड नायट्राइलचे हातमोजे आणि खेळती हवा हवी. दवाखान्यातले पातळ लॅटेक्सचे मोजे इथं भरवशाचे नाहीत. आणखी एक गोष्ट : उघडून अर्धवट ठेवलेल्या जुन्या ड्रममध्ये हवेशी संयोग होऊन पेरॉक्साइड साठू शकतात. असा द्रव तापवला तर स्फोटाची भीती असते.

या कुटुंबाचा गोड नातलग

ब्रेकच्या द्रवात अनेकदा आणखी एक घटक असतो, डायएथिलीन ग्लायकॉल. ग्लायकॉलचे दोन रेणू इथर बंधानं जोडले की हा तयार होतो, म्हणजे नात्यानं अगदी जवळचा. रंगहीन, दाट, चवीला गोड. औषधांच्या सिरपमध्ये वापरलं जाणारं ग्लिसरीन आणि प्रॉपिलीन ग्लायकॉल दिसायला हुबेहूब असंच, पण ते शुद्ध असेल तर निरुपद्रवी. या साम्यानं महाराष्ट्रात जीव घेतले आहेत.

१९८६ च्या जानेवारी-फेब्रुवारीत मुंबईच्या जे. जे. रुग्णालयात मेंदू आणि डोळ्यांतला दाब कमी करण्यासाठी दिलेल्या ग्लिसरीननंतर रुग्णांची मूत्रपिंडं बंद पडू लागली. १४ जण दगावले. ग्लिसरीनमध्ये डायएथिलीन ग्लायकॉल होतं. चौकशीसाठी नेमलेल्या न्यायमूर्ती बख्तावर लेंटिन आयोगानं खरेदीपासून औषध प्रशासनापर्यंतचा कारभार उघडा पाडला. त्याआधी १९३७ मध्ये अमेरिकेत याच द्रवात बनवलेल्या औषधानं शंभराहून अधिक लोकांचा बळी घेतला होता आणि पुढच्याच वर्षी तिथला औषध कायदा बदलला होता. माहिती नव्हती असं १९८६ मध्ये कुणी म्हणू शकत नव्हतं.

२०२५ मध्ये तर अजिबातच नाही. तरीही त्या वर्षी सप्टेंबर-ऑक्टोबरमध्ये मध्य प्रदेशातल्या छिंदवाडा जिल्ह्यातली मुलं मूत्रपिंडं निकामी होऊन नागपूरच्या रुग्णालयांत येऊ लागली. वीसहून अधिक मुलं गेली. तामिळनाडूत कांचीपुरमला बनलेल्या 'कोल्ड्रिफ' खोकल्याच्या सिरपच्या एसआर-१३ या बॅचमध्ये ४८.६ टक्के डायएथिलीन ग्लायकॉल आढळलं. मान्य मर्यादा ०.१ टक्का. महाराष्ट्राच्या अन्न व औषध प्रशासनानंही या बॅचबाबत इशारा दिला. दोन वर्षांखालच्या मुलांना खोकल्या-सर्दीची औषधं देऊ नयेत आणि पाच वर्षांखालीही सहसा टाळावीत, अशी सूचना केंद्रानं त्याच सुमारास केली. सिरप दिल्यावर उलट्या, पोटदुखी सुरू झाली आणि लघवी कमी झाली किंवा थांबली, तर ताप उतरायची वाट न पाहता मोठ्या रुग्णालयात जावं. बाटली सोबत न्यावी.

या विषबाधेवर उपचार आहेत. यकृतातलं ते विकर रोखणारं फोमेपिझोल हे औषध किंवा रुग्णालयात मोजून दिलेलं इथेनॉल, आणि गरजेनुसार डायलिसिस. दारू हा उतारा आहे असं ऐकून कुणी घरी प्रयोग करू नये. मात्रा चुकली तर लहान मुलाच्या जिवावर बेतते.

डोळ्यांत उडालं, पोटात गेलं तर

डोळ्यांत गेलं तर वाहत्या पाण्याखाली १५ मिनिटं धुवावं. अंगावर सांडलं तर कपडे काढून साबण-पाण्यानं धुवावं. ब्रेकचा द्रव गाडीच्या रंगावर पडला तरी लगेच पाणी मारावं, तो रंग सोडवतो. पोटात गेलं तर उलटी करवू नये. दिल्लीच्या एम्समधलं राष्ट्रीय विषबाधा माहिती केंद्र १८०० ११६ ११७ या निःशुल्क क्रमांकावर सल्ला देतं, रुग्णवाहिकेसाठी १०८ आहेच.

आणि गॅरेजमधून उरलेलं ब्रेक ऑइल किंवा हार्डवेअरच्या दुकानातून सुटं थिनर पाण्याच्या, कोल्ड्रिंकच्या बाटलीत आणण्याची सवय आहे, ती आजच थांबवता येईल. ज्या डब्यावर नाव छापलंय त्यातच ते ठेवायचं, आणि मुलांचा हात पोहोचणार नाही अशा फळीवर.