अजान ऐकायला थांबलेला सम्राट आणि त्याला वाळीत टाकणारा पोप

१७ मार्च १२२९ रोजी सम्राट दुसरा फ्रेडरिक बैतुल मुकद्दसमध्ये शिरला. जर्मनी, उत्तर इटली आणि सिसिली एवढा मुलूख त्याच्या नावावर होता. लढाई अशी झालीच नव्हती. इजिप्तचा सुलतान अल-कामिल याने तह करून शहर त्याच्या हवाली केलं होतं. सलाहुद्दीन अय्युबीने ११८७ मध्ये घेतलेलं शहर रक्त न सांडता परत मिळालं, म्हणजे ख्रिश्चन जगात आनंदीआनंद व्हायला हवा होता. झालं उलटंच. दुसऱ्या दिवशी फ्रेडरिकने राजमुकुट स्वतःच उचलून डोक्यावर ठेवला, कारण तो चढवायला धर्मगुरू नव्हता. तिसऱ्या दिवशी कैसरियाच्या आर्चबिशपाने शहरातल्या चर्चमधली प्रार्थनाच बंद करून टाकली. दीड वर्षापूर्वी पोपने या सम्राटाला धर्माबाहेर काढलं होतं आणि वाळीत टाकलेल्या माणसाच्या सावलीत प्रार्थना होत नसते.

क्रुसेड म्हटलं की आपल्या डोळ्यांसमोर एका बाजूला सगळे ख्रिश्चन आणि दुसऱ्या बाजूला सगळे मुसलमान असं चित्र येतं. शालेय पुस्तकातही ते तसंच येतं. फ्रेडरिकची गोष्ट या चित्रात बसत नाही. ती समजायची तर आधी तिथल्या राजाचं आणि चर्चचं नातं समजून घ्यावं लागतं.

वर्गात मुलं हमखास विचारतात, ‘सर, पोप म्हणजे त्यांचा खलिफा का?’ उत्तर ‘नाही’ असं आहे. आपल्याकडे तौबा करायची तर बंदा आणि अल्लाह यांच्यामध्ये तिसरा माणूस लागत नाही. खलिफा रागावला म्हणून कुणाची जन्नत हुकत नाही. मध्ययुगीन युरोपात बाप्तिस्मा, पापाची कबुली, मरताना करायचा विधी हे सगळं पाद्र्याच्या हातून व्हायचं. पोपने एखाद्याला धर्माबाहेर काढलं की हे सारे दरवाजे बंद. माणूस राजा असेल तर मामला आणखी बिकट, कारण पोप त्याच्या सरदारांना आणि प्रजेला सांगू शकायचा की तुम्ही घेतलेली निष्ठेची शपथ आता तुमच्यावर बंधनकारक नाही. स्वतःची फौज बेताची असलेला पोप एका पत्राने दुसऱ्याची फौज फोडू शकत होता.

आता राजाची बाजू. राजाला बिशप हवे असायचे, आणि तेही आपल्या मर्जीतले. बिशप लिहा-वाचायला शिकलेला, म्हणजे कारभाराला उपयोगी. त्याच्याकडे मोठाल्या जमिनी, त्या जमिनीवरून सैन्य. शिवाय बिशपला कायदेशीर वारस नसतो. सरदार मेला की त्याचा मुलगा जहागिरीवर बसतो, बिशप मेला की जागा रिकामी होते आणि तिथे पुन्हा आपला माणूस नेमता येतो. ही नेमणूक कोणी करायची, यावरून पोप सातवा ग्रेगरी आणि जर्मन राजा चौथा हेन्री यांच्यात ठिणगी पडली. १०७६ मध्ये पोपने हेन्रीला बाहेर काढलं. सरदार वाटच बघत होते, ते उलटले. जानेवारी १०७७ मध्ये हेन्री आल्प्स ओलांडून इटलीतल्या कानोसाच्या किल्ल्यापाशी आला आणि माफी मिळेपर्यंत तीन दिवस दाराबाहेर बर्फात उभा राहिला.

ही गोष्ट इथपर्यंतच सांगायची पद्धत आहे. पुढचं सांगितलं तर वेगळी दिसते. सात वर्षांनी, १०८४ मध्ये, त्याच हेन्रीने रोम घेतलं, आपला वेगळा पोप बसवला आणि त्याच्या हातून सम्राटपद घेतलं. ग्रेगरी १०८५ मध्ये सालेर्नोला परागंदा अवस्थेत वारला. शेवटी ११२२ मध्ये वर्म्स इथे तडजोड झाली. बिशपची अंगठी आणि दंड चर्चने द्यायचा, जमिनीचे हक्क सम्राटाने. पण बिशपला जमीन आणि धर्म दोन्हीकडून मिळत होते, म्हणून ओढाताण संपली नाही.

फ्रेडरिक या भांडणातच वाढला. जन्म ११९४ चा. आईबाप लवकर गेले आणि पोप तिसरा इनोसंट त्याचा पालक झाला. तो सिसिलीत मोठा झाला, जिथे अरबी ही दरबाराची एक भाषा होती. त्याचा आजोबा दुसरा रॉजर याच्याच आश्रयाने अल-इद्रीसीने ११५४ मध्ये भूगोलाचा प्रचंड ग्रंथ पूर्ण केला. रॉजरच्या राजवस्त्रावर कुफी लिपीत मजकूर विणलेला होता, त्यात हिजरी साल ५२८ आहे.

पोपची खरी धास्ती मात्र अरबीची नव्हती. त्याची राज्यं इटलीच्या मध्यभागी. वर उत्तर इटली आणि जर्मनी फ्रेडरिकचं, खाली सिसिली आणि दक्षिण इटलीही फ्रेडरिकचीच. अडकित्त्यातल्या सुपारीसारखी अवस्था. फ्रेडरिकने १२१५ मध्ये क्रुसेडची शपथ घेतली होती आणि तो ती पुढे ढकलत राहिला. सप्टेंबर १२२७ मध्ये तो ब्रिंडिसीहून निघाला, जहाजावर साथ पसरली होती, तोही आजारी पडून परतला. नवा पोप नववा ग्रेगरी याने आजार मानला नाही आणि त्याला धर्माबाहेर काढलं. पुढच्या वर्षी फ्रेडरिक माफी न मागता तसाच निघाला. तो पूर्वेला असताना पोपची फौज दक्षिण इटलीत घुसली. शिपायांच्या अंगावर पोपचं चाव्यांचं चिन्ह होतं. क्रुसेडवर गेलेल्या राजाचा मुलूख क्रुसेडचा पुकारा करणाऱ्या पोपनेच लुटावा, याला काय म्हणायचं!

सुलतानाच्या घरातही वेगळं नव्हतं. अल-कामिलचं दमास्कसच्या भावाशी वैर होतं, म्हणून १२२६ मध्ये फख्रुद्दीन या अमीराला पाठवून त्यानेच फ्रेडरिकला बोलावलं होतं. फ्रेडरिक येईपर्यंत तो भाऊ वारला, पण दमास्कस कोणाचं हा प्रश्न उरलाच होता. १८ फेब्रुवारी १२२९ रोजी तह झाला. शहर दहा वर्षांसाठी सम्राटाला, हरम शरीफ आणि मस्जिद-ए-अक्सा मुसलमानांकडे. पोपचे लोक चिडले, तेवढेच आपलेही. दमास्कसच्या जामा मशिदीत सिब्त इब्न अल-जौझी यांनी या तहावर मातम करणारं बयान केलं आणि लोक रडले. म्हणजे तह करणारे दोघेही आपापल्या माणसांत गुन्हेगार ठरले.

इब्न वासिल या इतिहासकाराने लिहिलंय की सम्राट मुक्कामाला असताना नाबुलसच्या काजींनी अदब म्हणून रात्री अजान देऊ दिली नाही. सकाळी फ्रेडरिकने विचारणा केली आणि सांगितलं, मी तर अजान ऐकायलाच इथे रात्र काढली. एवढ्यावरून तो छुपा मुसलमान होता, असे संदेश आपल्या व्हॉट्सॲपवर फिरतात. ते सोडून द्यावेत. त्याला पाहिलेल्यांचे बोल सिब्त यांनीच नोंदवले आहेत, त्यांत तो दहरी वाटतो असं आहे, शिवाय गुलामांच्या बाजारात त्याला २०० दिरहमही आले नसते, असा टोमणा!

आणि सिसिलीच्या मुसलमानांना तो कसा वागला, तेही बघा. त्यांनी बंड केलं तेव्हा १२२० च्या दशकात त्याने हजारोंना घरातून उचललं आणि दक्षिण इटलीतल्या लुचेरा या गावी नेऊन वसवलं. तिथे मशीद होती, काजी होता, नमाजाला बंदी नव्हती. पण बेट गेलं ते गेलंच. त्या गावातून त्याला तिरंदाज मिळाले, आणि ते का आवडते होते हे या लेखाच्या विषयाला धरूनच आहे. पोपने वाळीत टाकल्याच्या हुकुमाने ख्रिश्चन शिपाई डळमळायचा, लुचेराच्या तिरंदाजाला त्याचा काही फरक पडत नव्हता.

१२३० मध्ये समेट झाला, १२३९ मध्ये पुन्हा बहिष्कार, आणि १२४५ मध्ये ल्योंच्या धर्मसभेत पोप चौथा इनोसंट याने त्याला पदावरूनच काढल्याचं जाहीर केलं. आरोपांच्या यादीत मुसलमानांशी दोस्ती हाही एक. फ्रेडरिक १२५० मध्ये वारला, तोवर गादी त्याने सोडली नव्हती. त्याचा मुलगा मानफ्रेड याच्याकडे १२६१ मध्ये इब्न वासिल स्वतः वकील म्हणून गेले, तेव्हा छावणीत उघड अजान होत असल्याचं त्यांनी लिहून ठेवलंय. पोपने मग फ्रान्सच्या राजाचा भाऊ शार्ल याला सिसिली देऊ केली. १२६६ मध्ये बेनेव्हेंतोला मानफ्रेड पडला, त्याच्या बाजूने लुचेराचे तिरंदाज लढत होते. शार्लचा मुलगा दुसरा शार्ल याने १३०० मध्ये लुचेरा रिकामं केलं. माणसं गुलाम म्हणून विकली गेली. मशिदीच्या जागी कॅथेड्रल बांधलं गेलं, ते आजही तिथे आहे.