सह्याद्रीचा चुलत कातळ

लोहगडाच्या पायऱ्या, कार्ल्याचे चैत्यगृह, भाज्याची लेणी आणि खंडाळ्याजवळची नागफणी हे सारे एकाच काळ्या दगडाचे आहे. भूशास्त्रात त्याला बेसाल्ट म्हणतात. सुमारे साडेसहा कोटी वर्षांपूर्वी जमिनीच्या भेगांतून लाव्हा उसळला, पसरला आणि थिजला. त्यावर पुन्हा नवा लाव्हा आला. मावळातला कुठलाही डोंगर उन्हाळ्यात, गवत वाळल्यावर पाहावा. थरावर थर रचल्याच्या आडव्या रेघा स्पष्ट दिसतात.

असाच कातळ मंगळ आणि गुरू यांच्यामधल्या लघुग्रहांच्या पट्ट्यात फिरतो आहे. त्याचे नाव वेस्टा. जर्मनीतल्या ब्रेमेन शहरात हाइनरिश ओल्बर्स यांना तो 29 मार्च 1807 रोजी सापडला. शोधाच्या क्रमाने चौथा म्हणून त्याचे अधिकृत नाव ‘4 वेस्टा’. वस्तुमानात तो पट्ट्यात दुसरा. पहिला सेरेस, पण त्याला आता बटुग्रह मानतात. तेजाच्या बाबतीत मात्र वेस्टा सर्वांना मागे टाकतो. त्याच्यावर पडलेल्या सूर्यप्रकाशापैकी सुमारे 40 टक्के तो परत फेकतो. आपला चंद्र, जो आपल्याला इतका लख्ख वाटतो, तो जेमतेम 12 टक्के परत पाठवतो. काळोख्या जागेवरून नुसत्या डोळ्यांनी दिसू शकेल असा पट्ट्यातला हा जवळपास एकमेव लघुग्रह.

वेस्टाचा सरासरी व्यास 525 किलोमीटर, म्हणजे पुण्याहून हैदराबाद सरळ रेषेत मोजले तर साधारण तेवढे. तो पूर्ण गोल नाही. ध्रुवांकडे चांगलाच चेपलेला आहे. स्वतःभोवतीची फेरी 5 तास 20 मिनिटांत संपते. सूर्यापासून सरासरी 35 कोटी किलोमीटर अंतरावरून एक प्रदक्षिणा घालायला त्याला 3.63 वर्षे लागतात. गुरुत्वाकर्षण इतके कमी की 60 किलो वजनाच्या माणसाचे वजन तिथे दीड किलो भरेल.

एवढ्या दूरच्या ठिपक्यावरचा खडक कुठला, हे कळले कसे? प्रत्येक खनिज प्रकाशाचे काही रंग गिळते आणि काही परत पाठवते. 1970 मध्ये थॉमस मॅककॉर्ड आणि त्यांच्या सहकाऱ्यांनी वेस्टाचा प्रकाश असा रंगारंगाने तपासला. त्यात पायरॉक्सीन या खनिजाची खूण सापडली. हेच खनिज आपल्या सह्याद्रीच्या बेसाल्टचाही मोठा भाग असते. शिवाय हा वर्णपट पृथ्वीवर पडलेल्या एका विशिष्ट जातीच्या अशनींशी, म्हणजे आकाशातून आलेल्या दगडांशी, तंतोतंत जुळला. हे दगड वेस्टाचेच तुकडे असावेत, असा तर्क तेव्हा निघाला.

इथेच कोडे सुरू होते. बेसाल्ट बनायला आधी खडक वितळावा लागतो. पृथ्वीच्या पोटात त्यासाठी लागणारी उष्णता आहे, कारण ती अवाढव्य आहे. पाचशे किलोमीटरचा गोळा मात्र अवकाशात लवकर निवतो, जशी छोटी वाटी मोठ्या पातेल्याआधी गार होते. मग त्याला वितळवण्याइतकी आच कुणी दिली?

या उत्तराचा एक महत्त्वाचा दुवा भारतात पडला. 20 जून 1996 रोजी राजस्थानातल्या पाली जिल्ह्यात पिपलिया कलां या गावी सुमारे 42 किलो वजनाचा अशनी कोसळला. तो युक्राइट निघाला, म्हणजे वेस्टाच्या बेसाल्टच्या जातीचा. अहमदाबादच्या भौतिकी अनुसंधान प्रयोगशाळेतले जी. श्रीनिवासन, जे. एन. गोस्वामी आणि नरेंद्र भंडारी यांनी त्याचे कण तपासले आणि 1999 मध्ये ‘सायन्स’ या नियतकालिकात निष्कर्ष मांडला. त्या दगडात त्यांना ॲल्युमिनियम-26 च्या खुणा मिळाल्या. हा किरणोत्सारी ॲल्युमिनियम सुमारे 7 लाख वर्षांत निम्मा संपतो, संपताना उष्णता देतो आणि मागे मॅग्नेशियम सोडतो. तो कधीच संपून गेलेला. पण त्याने सोडलेले जादा मॅग्नेशियम खडकात तसेच होते. याचा अर्थ, हा दगड घडला तेव्हा ते इंधन शिल्लक होते. सूर्यमाला जन्मल्यावर अवघ्या काही दशलक्ष वर्षांत वेस्टा पेटला, वितळला आणि थिजला. (यातले गोस्वामी पुढे चंद्रयान-1 चे प्रमुख शास्त्रज्ञ झाले.)

म्हणून नाते चुलत म्हटले. लोहगडाचा कातळ साडेसहा कोटी वर्षांचा, वेस्टाचा साडेचारशे कोटींहून जुना. आणखी एक फरक आहे. आपला बेसाल्ट चार महिने पाऊस खातो. त्याची माती होते, त्यावर मावळातली भातखाचरे उभी राहतात. लाव्हातल्या वायूंनी सोडलेल्या पोकळ्यांत पाणी झिरपून झिओलाइटचे स्फटिक वाढतात. पुणे जिल्ह्यातले असे स्फटिक जगभरच्या संग्रहालयांत आहेत. वेस्टावर हवा नाही, पाऊस नाही. तिथे दगड फोडणारी मुख्य गोष्ट एकच: दुसरा दगड.

आणि तो चांगलाच बसला आहे. नासाचे ‘डॉन’ यान जुलै 2011 ते सप्टेंबर 2012 वेस्टाभोवती फिरले. दक्षिण ध्रुवावर त्याला सुमारे 500 किलोमीटर रुंदीचे विवर दिसले, म्हणजे जवळजवळ वेस्टाच्या व्यासाएवढेच. त्याला रियासिल्व्हिया म्हणतात. मधोमध उभा असलेला डोंगर 20 किलोमीटरहून उंच आहे. बारा कळसूबाई एकावर एक रचल्या तरी त्या शिखराखालीच राहतील. ही टक्कर अंदाजे शंभर कोटी वर्षांपूर्वीची. बेसाल्टवर आदळणारा दगड काय करतो ते पाहायचे तर बुलढाण्यातले लोणार आहे. तिथले विवर 1.8 किलोमीटरचे. आघाताच्या दाबाने खनिजाची काच होते. ती लोणारच्या खडकांतही सापडते आणि अशनींतही.

रियासिल्व्हियातून उडालेले तुकडे वेस्टाच्याच कक्षेच्या आसपास फिरतात. मग ते राजस्थानात कसे येतात? सूर्यापासून 2.5 खगोलीय एककांवर, म्हणजे पृथ्वी-सूर्य अंतराच्या अडीच पटीवर, एक धोक्याची वाट आहे. तिथला दगड गुरूच्या एका प्रदक्षिणेत बरोबर तीन प्रदक्षिणा घालतो. त्यामुळे गुरूची ओढ पुन्हा पुन्हा ठरावीक लयीत बसते; झोक्याला वेळेवर दिलेल्या धक्क्यासारखी. कक्षा लांबत जाते आणि दगड कधीतरी पृथ्वीची वाट ओलांडू लागतो. वेस्टा 2.36 एककांवर, या वाटेच्या अगदी शेजारी. 1993 मध्ये रिचर्ड बिन्झेल आणि शुई शू यांना वेस्टापासून त्या वाटेपर्यंत विखुरलेले, वेस्टाच्याच जातीचे छोटे लघुग्रह सापडले आणि साखळी जुळली. पडताना पाहिलेल्या अशनींपैकी शंभरात सहाच्या आसपास या घराण्याचे असतात.

सगळे मिटले आहे असे मात्र नाही. वेस्टाच्या पोटात सुमारे 110 किलोमीटर त्रिज्येचा लोखंडी गाभा आहे, असे डॉनच्या पहिल्या मोजमापांवरून मानले गेले. 2025 मध्ये त्याच मोजमापांचे नवे विश्लेषण आले. त्यानुसार आतली घनता बरीचशी सारखी आहे आणि गाभा असलाच तर लहान. मग वेस्टा पूर्ण वितळलाच नाही का? की तो एखाद्या मोठ्या, फुटलेल्या ग्रहाचा तुकडा आहे? अशनींतली खनिजे पूर्ण वितळल्याची साक्ष देतात, त्यामुळे पहिली शक्यता मला पटायला जड जाते. दुसरी खरी निघाली तर वेस्टाचे चरित्र नव्याने लिहावे लागेल.

आता पाहण्याविषयी, कारण मावळकरांची गैरसोय या कक्षेतच लिहिलेली आहे. वेस्टाची कक्षा थोडी लांबट आहे. सूर्याभोवती ती ज्या बाजूला सर्वांत जवळ येते, त्या बाजूला पृथ्वी जूनच्या सुरुवातीला असते. साधारण साडेसोळा महिन्यांनी वेस्टा सूर्याच्या नेमका विरुद्ध बाजूस येतो. हा योग मे-जूनच्या सुमारास आला तर तो 17 कोटी किलोमीटरपर्यंत जवळ असतो आणि नुसत्या डोळ्यांना दिसू शकतो. 19 जून 2018 चा योग असाच उत्तम होता; लोणावळ्यात तेव्हा पावसाळा सुरू झालेला असतो. 21 डिसेंबर 2023 ला थंडीतले आकाश होते, पण वेस्टा दूर आणि दुर्बिणीशिवाय न दिसणारा. 2 मे 2025 चा योग त्यातल्या त्यात मावळला सोयीचा.

ढग आपल्या हातात नाहीत. दिवे आहेत. वेस्टा उत्तम योगातही डोळ्यांच्या क्षमतेच्या काठावरच असतो आणि पवना धरणाकाठी तंबूंचे झगझगीत दिवे लागले की तो काठ पुसला जातो. पूर्वेला तळेगाव आणि पिंपरी-चिंचवडचा उजेड, वायव्येला लोणावळ्याचा. दक्षिणेचे आकाश अजून त्यातल्या त्यात बरे आहे आणि उन्हाळ्यातल्या योगात वेस्टा तिकडेच असतो. तंबूवाल्यांनी दिव्यांवर वरून झाकण बसवून प्रकाश जमिनीकडे वळवला आणि रात्री अकरानंतर निम्मे दिवे मालवले, तर फार खर्च नाही.

साधी 10×50 ची दुर्बिण पुरते. वेस्टा कुठल्याही हौशी दुर्बिणीत ताऱ्यासारखा ठिपकाच दिसतो, त्यामुळे ओळखायची युक्ती वेगळी. नकाशात दाखवलेल्या जागेभोवतीचे तारे वहीत टिंबांनी काढून ठेवावेत. दोन-तीन रात्रींनी पुन्हा तीच जागा पाहावी. योगाच्या सुमारास वेस्टा रोज पौर्णिमेच्या चंद्राच्या निम्म्या रुंदीइतका सरकतो. जे टिंब जागचे हलले असेल, ते वेस्टाचे.