मालक असलेला चौक

८ ऑक्टोबर १९५६ रोजी अमेरिकेतल्या मिनेसोटा राज्यात, मिनिआपोलिसच्या एडिना या उपनगरात ‘साउथडेल’ उघडलं आणि पहिल्याच दिवशी पाऊण लाख माणसं लोटली. खर्च दोन कोटी डॉलर, दुकानं ७२, बाहेर ५,२०० मोटारींची सोय. मिनेसोटाच्या हिवाळ्यात पारा शून्याच्या खाली वीस-पंचवीस अंशांपर्यंत उतरतो, उन्हाळाही घामटा काढणारा. साउथडेलच्या आत मात्र बारा महिने सुमारे २४ अंश सेल्सिअस. चारी बाजूंनी बंद, वातानुकूलित अशा उपनगरी मॉलचा जगातला पहिला पूर्ण नमुना तो हाच.

तो रचला व्हिक्टर ग्रुएन यांनी. १९०३ साली व्हिएन्नात ज्यू कुटुंबात जन्मलेले ग्रुएन दिवसा वास्तुरचनेचं काम करत आणि रात्री राजकीय प्रहसनांच्या रंगमंचावर उभे राहत. १९३८ मध्ये हिटलरने ऑस्ट्रिया गिळल्यावर ते न्यूयॉर्कला निसटले. तिथे दुकानांच्या दर्शनी भागांची कामं करत नाव मिळवलं. १९५४ मध्ये डेट्रॉइटजवळ त्यांचं ‘नॉर्थलँड’ उभं राहिलं; ते उघड्या आकाशाखालचं होतं. साउथडेलसाठी डेटन या मिनिआपोलिसच्या बड्या दुकानदार घराण्याने त्यांना बोलावलं आणि तिथे छप्पर आलं.

या इमारतीची रचना नीट पाहण्यासारखी आहे. रस्त्याकडे तिने पाठ फिरवली होती: बाहेरून जवळजवळ सपाट भिंती, सगळी दुकानं आतल्या चौकाकडे तोंड करून. हवा काबूत असल्यामुळे दुकानांना दारांची गरजच उरली नाही. दर्शनी भाग सताड उघडे ठेवता आले. वरच्या मजल्यावर गिऱ्हाईक चढत नाही हा व्यापाऱ्यांचा जुना अनुभव. ग्रुएन यांनी मोटारतळाची जमीनच अशी उतरती केली, की काही लोक थेट खालच्या मजल्यावर शिरत, तर काही थेट वरच्या. मधल्या चौकात झाडं, मासे सोडलेलं तळं, पक्ष्यांचा भलामोठा पिंजरा, कॅफे आणि हॅरी बर्टोया यांची शिल्पं होती. डेटनने आपल्या कट्टर प्रतिस्पर्ध्याला, डोनाल्डसन्सला, त्याच छपराखाली जागा दिली. त्या काळात हे धाडसच होतं.

ग्रुएन यांच्या मनात यापेक्षा पुष्कळ मोठं काही होतं. एकूण जमीन ४६३ एकर होती आणि आराखड्यात घरं, शाळा, दवाखाना, बाग, तलाव असं सगळं एकमेकांना धरून आखलेलं होतं. मोटारीच्या काचेआड एकेकट्या पडलेल्या उपनगरवासीयांना व्हिएन्नातल्यासारखा पायी फिरण्याचा, भेटीगाठींचा चौक द्यायचा होता. पुढे आजूबाजूला इस्पितळ आलं, कचेऱ्या आल्या, घरंही आली. पण प्रत्येक जण आपापला मोटारतळ घेऊन, एकमेकांपासून तुटून. उद्घाटनानंतर काही आठवड्यांनी येऊन गेलेले विख्यात वास्तुरचनाकार फ्रँक लॉइड राइट यांनी त्या बंद चौकावर सडकून टीका केली. खेड्यातल्या रस्त्याचे दोष इथे सगळे आहेत, गोडवा नाही, असा त्यांचा रोख होता. मला त्यांचं म्हणणं पटतं, तरी त्यात ग्रुएन यांच्यावर अन्याय आहे. गाव बांधण्यात नफा नव्हता, मॉल बांधण्यात होता. १९५४ च्या अमेरिकी करकायद्याने नव्या व्यापारी इमारतींवरचा घसारा पहिल्या वर्षांतच मोठ्या प्रमाणात वजा करायला मुभा दिली. जुन्या बाजारपेठेची डागडुजी करण्यापेक्षा वेशीबाहेर नवं बांधणं किफायतशीर झालं. त्यात १९५६ च्या जूनमध्ये आंतरराज्य महामार्गांचा कायदा आला.

एक प्रश्न ग्रुएन यांच्या आराखड्यातही सुटलेला नव्हता: या चौकाचा मालक कोण? एडिनाच्या कंट्री क्लब वसाहतीत १९२० च्या दशकात गोऱ्यांखेरीज इतरांना घर मिळू नये अशा अटी खरेदीव्यवहारातच घातलेल्या होत्या. सर्वोच्च न्यायालयाने १९४८ मध्ये अशा अटी बजावण्यास मनाई केली, तरी वस्तीचा रंग एका निकालाने बदलत नाही. ‘सर्वांचा’ चौक उभा राहिला तो अशा गावात. पुढे १९७२ मध्ये पोर्टलंडच्या लॉइड सेंटर खटल्यात त्याच न्यायालयाने ठरवलं, की मॉलचा मालक आपल्या आवारात पत्रकं वाटणाऱ्यांना रोखू शकतो. साउथडेलपासून जवळच १९९२ मध्ये ‘मॉल ऑफ अमेरिका’ हा अवाढव्य मॉल उघडला. तिथे फरच्या कपड्यांविरुद्ध निदर्शनं करणाऱ्यांना अटक झाली. मॉलच्या उभारणीत सार्वजनिक पैसा आहे, म्हणून तिथे निदर्शनं करण्याचा हक्कही आहे, असा त्यांचा युक्तिवाद होता. मिनेसोटाच्या सर्वोच्च न्यायालयाने १९९९ मध्ये तो फेटाळला.

ग्रुएन १९६८ मध्ये व्हिएन्नाला परतले. १९७६ मध्ये त्याच शहराच्या दक्षिणेला एक प्रचंड मॉल उघडला. १९७८ मध्ये लंडनच्या भाषणात त्यांनी या वास्तूंचं पितृत्व जाहीरपणे झिडकारलं, आणि १९८० मध्ये ते गेले. साउथडेल अजून चालू आहे. आवारात आता निवासी इमारती आल्या आहेत आणि जेसीपेनीच्या मोठ्या दुकानाच्या जागी व्यायामशाळा.

आपल्याकडे मुंबईत १९९९ मध्ये ताडदेवला ‘क्रॉसरोड्स’ उघडलं, तेव्हा सुरुवातीला गर्दी आवरण्यासाठी मोबाइल किंवा क्रेडिट कार्ड जवळ असणाऱ्यांनाच विनाशुल्क आत सोडत. छपराखालचा बाजार आपल्याला नवा नव्हता. पुण्याची मंडई १८८६ मध्ये नगरपालिकेच्या पैशाने उभी राहिली. हा पैसा गोरगरिबांच्या शिक्षणावर खर्च व्हावा, असं म्हणत त्या खर्चाला विरोध करणारे सभासद होते जोतीराव फुले, आणि पुढे मंडईला नाव मिळालं ते त्यांचंच. तिथे भाजी विकत घेणाऱ्याला कोणी कार्ड मागत नाही, आणि तिच्या परिसरात सभांची परंपरा मोठी आहे. हे शक्य झालं, कारण जागा शहराची होती.

म्हणून एक विनंती. आपल्या शहराचा विकास आराखडा हरकती-सूचनांसाठी जाहीर होईल, तेव्हा मंडई, मैदान आणि बाग यांची आरक्षणं कुठे आहेत हे नकाशावर स्वतः शोधा. एखादं उठवलं जात असेल, तर मुदत संपण्याआधी लेखी हरकत नोंदवा.