गुड फ्रायडेचे बन

इथल्या सुपरमार्केटात हॉट क्रॉस बन जानेवारीतच दिसायला लागतात, पण त्यांचा खरा दिवस एकच, गुड फ्रायडे. वरची पांढरी फुली म्हणजे येशूचा क्रूस. आतले मसाले त्याच्या दफनाच्या वेळच्या सुगंधी द्रव्यांची आठवण म्हणून, असं सांगतात. सेंट अल्बन्सच्या मठात १३६१ साली एका साधूने असे बन करून गरिबांना वाटले, अशी तिथली कथा आहे. १५९२ साली तर लंडनमध्ये हुकूम निघाला होता की असले मसालेदार बन फक्त अंत्यविधी, गुड फ्रायडे आणि नाताळ याच वेळी विकायचे. मुंबईत वांद्र्याच्या बेकऱ्यांमध्येही या दिवशी ते मिळतात, तिकडच्यांना हे नवीन नाही.

आमच्याकडे ते दरवर्षी शेजारच्या आजींकडून यायचे. वय ऐंशीच्या पुढे, एकट्या राहतात. गेल्या वर्षी संधिवाताने त्यांची बोटं वळेनात, पीठ मळणं बंद झालं. मी म्हटलं, या वेळी मी करतो. प्रोजेक्ट प्लॅन करणाऱ्या माणसाला बाराच तर बन करायचे होते! पहिल्या खेपेचे दगड झाले. चूक साधी होती. दूध उकळून गरमच ओतलं आणि यीस्ट मेलं. दूध कोमट हवं, बोट बुडवलं तर चटका बसता कामा नये.

आता प्रमाण सांगतो. ब्रेडचं पीठ, म्हणजे स्ट्राँग व्हाइट फ्लोअर, ५०० ग्रॅम. साधा मैदा घेतला तर बन बसका होतो. इन्स्टंट यीस्टचं ७ ग्रॅमचं एक पाकीट, साखर ७५ ग्रॅम, लोणी ५० ग्रॅम, दूध ३०० मिली, एक अंडं, चमचाभर मीठ. अंडं चालत नसेल तर तीन-चार मोठे चमचे दूध वाढवा, काही बिघडत नाही. मसाल्याला इथे मिक्स्ड स्पाइस मिळतो. दालचिनी, जायफळ, लवंग, सुंठ, बऱ्याचदा धनेही असतात त्यात. दोन लहान चमचे पुरे. घरचा गरम मसाला मात्र नको, मिऱ्यांनी घोटाळा होतो.

पीठ चिकट लागेल, घाबरून वरून कोरडं पीठ घालू नका. दहा मिनिटं मळा, ते आपोआप गुळगुळीत होतं. दीडशे ग्रॅम बेदाणे आणि मूठभर संत्र्याची पाकवलेली साल मळून झाल्यावर घालायची, नाहीतर चिरडून जातात. बेदाणे आधी कोमट पाण्यात भिजवून निथळून घ्या, नाहीतर ते पिठातलं पाणी ओढतात.

फुगायला वेळ द्या. लोणी, साखर आणि दालचिनी, तिघंही यीस्टला मंद करतात. त्यात आपली थंडगार स्वयंपाकघरं! ओव्हन बंद ठेवून नुसता आतला दिवा लावा आणि भांडं आत ठेवा. दुप्पट व्हायला दीड-दोन तास लागतात. मग बारा गोळे करून ट्रेमध्ये जवळजवळ लावा आणि पुन्हा तासभर थांबा. घड्याळापेक्षा पिठाकडे बघा, हे मला फार उशिरा कळलं.

फुलीसाठी ७५ ग्रॅम मैद्यात पाच-सहा चमचे पाणी घालून दाट पेस्ट करा. मेंदीच्या कोनासारखी प्लास्टिकची पिशवी करून टोक कापा. हे काम आमच्या मुलीने माझ्यापेक्षा सरळ रेषेत केलं. २२० अंशांवर, फॅन असेल तर २०० वर, पंधरा ते वीस मिनिटं भाजा. गरम असतानाच वर जर्दाळूचा जॅम पातळ करून फासा.

दुसऱ्या खेपेचे सहा बन घेऊन आम्ही शेजारी गेलो. आजींनी एक मधोमध फोडला, वास घेतला, लोणी न लावताच खाल्ला. मग म्हणाल्या, "मीठ जरा कमी पडलंय." आणि दुसरा उचलला.