टाळं एका घराला, झळ गल्लीला

आपल्याकडे गृहकर्ज ‘फोरक्लोज’ झालं की पेढे वाटायचे: मुदतीआधी कर्ज फिटलं. अमेरिकेत त्याच शब्दाचा अर्थ, हप्ते थकले आणि घर गेलं. 2007 साली ही वेळ सर्वाधिक आली अशा वस्त्यांपैकी एक म्हणजे ओहायोतल्या क्लीव्हलंड शहराचं स्लाव्हिक व्हिलेज. पोलाद कारखान्यांत कामाला आलेल्या चेक आणि पोलिश कुटुंबांची जुनी कामगारवस्ती.

गैरसमज: ऐपत नसताना घरं घेतली, म्हणून बुडाले.
वस्तुस्थिती: अमेरिकेतली निम्म्याहून अधिक सबप्राइम (म्हणजे कमी पत असलेल्यांना चढ्या व्याजाने दिलेली) कर्जं नव्या घरासाठी नव्हतीच, राहत्या घरावरचं जुनं कर्ज फेडून नव्याने काढलेली होती. अनेकांत दोन वर्षं हप्ता ठरलेला, मग व्याज चढायचं. कर्ज देणारा ते पुढे विकून मोकळा; फिटतं की बुडतं, याची त्याला कसली काळजी?

गैरसमज: फटका थकबाकीदारालाच.
वस्तुस्थिती: रिकाम्या घरातले तांब्याचे पाइप चोर उपटून नेत, बाहेरून ठोकलेले अ‍ॅल्युमिनियमचे पत्रेही. शेजारच्याने एकही हप्ता चुकवलेला नसे, तरी त्याच्या घराचा भाव उतरे. भाडेकरूचे हाल तर विचारू नका: भाडं वेळेवर भरलेलं, आणि मालकाने हप्ते थकवलेत हे कळायचं दारावर नोटीस लागल्यावर. भाडेकरूला घर सोडायला किमान 90 दिवसांची मुदत देणारा देशव्यापी कायदा 2009 च्या मे महिन्यात आला.

गैरसमज: बँकेने घर घेतलं, म्हणजे ती सांभाळेल.
वस्तुस्थिती: अनेकदा बँक घर घ्यायचीच नाही! ती दावा लावी, कुटुंब घाबरून निघून जाई. मग घराला किंमत उरली नाही असं दिसलं की बँक कारवाई अर्धवट सोडी. कागदावर मालक जुनाच. वाढलेल्या गवताची नोटीस, कराची थकबाकी, घर पाडल्याचं बिल, सगळं त्याच्याच नावाने. हा प्रकार मला लिलावापेक्षा क्रूर वाटतो.

2008 च्या जानेवारीत क्लीव्हलंडने 21 बँका आणि वित्तसंस्थांवर सार्वजनिक उपद्रवाचा दावा ठोकला. कोर्टाने तो पुढच्याच वर्षी फेटाळला. त्याच वर्षी क्लीव्हलंड ज्यात येतं त्या कायाहोगा काउंटीने लँड बँक, म्हणजे पडीक मालमत्ता हाताळणारी संस्था, उभारली. तिने पडीक घरं ताब्यात घेतली. काही दुरुस्त केली, हजारो पाडली. मोकळा झालेला तुकडा लगतच्या घरमालकाला स्वस्तात मिळू शकतो. गवत कापायचं काम अर्थात त्याचंच.